अर्थवाले सर

सर आमच्याकडे वरची खोली बघायला आले, तेव्हा नळाला पाणी किती वेळ येतं हे त्यांनी विचारलं नाही, की वर ऊन किती तापतं हेही विचारलं नाही. ते फाटकाशीच उभे राहिले. वैशाखातली दुपार, डोक्याला ओला दुपट्टा गुंडाळलेला, त्यावर पुन्हा उघडी छत्री, आणि हा माणूस आमच्या लोखंडी फाटकावरच्या चक्राच्या आऱ्या मोजतोय. मी व्हरांड्यातून बघत होते. शेवटी बाबाच बाहेर गेले.

"काय पाह्यता जी?"

"अष्टांग मार्गाचं एक अंग कमी हाय," सर म्हणाले. "आठ आऱ्या पाह्यजेत. सातच हायेत. कोणतं टाकलं तुमी?"

वेल्डरजवळची सळई संपली असेल आणि त्यानं सातातच चक्र उरकलं असेल. आम्ही वर्षानुवर्षं ते फाटक उघडत होतो, लावत होतो. कोणाच्या लक्षात आलं नव्हतं. मी शाळेत चित्रकला शिकवते. माझ्याही लक्षात आलं नव्हतं. बाबांनी एकदा फाटकाकडे पाहिलं, एकदा स्वयंपाकघराच्या खिडकीकडे, आणि म्हणाले, "सम्यक वाचा टाकली असन जी. आमच्या घरात तेवढीच कमी हाय."

आतून आईचा आवाज आला, "माही वाचा काढता, अन् थे फाटक कोणं बनवून आणलं थेही सांगा त्यायले!"

दोघं हसायला लागले. बाबा कोळशाच्या खाणीत डंपर चालवून निवृत्त झालेले. मोठ्यानं हसले की त्यांना खोकला यायचा, म्हणून ते हसणं टाळतच. त्या दिवशी खोकला येईपर्यंत हसले, डोळे पुसले, आणि खोली न दाखवताच किल्ली सरांच्या हातात दिली.

माझ्या पोटात तेव्हा काहीतरी बारीकसं टोचलं. मला वाटलं, ऊन लागलं असावं.

सर वणीच्या कॉलेजात पाली आणि इतिहास शिकवायचे. मूळचे ढाणकीकडचे. घरी कापूस, तूर, सोयाबीन. देव्हारा, कुलदैवत, सगळं साग्रसंगीत. बायको-मुलं तिकडेच, शेतीवर. अशा घरातला माणूस पालीकडे कसा वळला, असं बाबांनी पहिल्याच आठवड्यात विचारलं. सरांनी सांगितलं, "आमच्या कॉलेजात सगळे वर्ग पत्र्याखाली भरत. पालीले पोट्टे कमी, म्हणून त्यायचा वर्ग निंबाखाली. मी सावलीले गेलतो. बसलो तं बसलोच."

आमचं घर आजोबांनी दीक्षा घेतली तेव्हापासून बौद्ध. वंदना मला शाळेआधी पाठ झाली. आणि आमच्याच घरात, आमच्याच वरच्या खोलीत बसून, आम्ही रोज ज्याच्यापुढे हात जोडतो त्याचा अर्थ आम्हाला सांगायला हा निंबाखालचा माणूस आला होता. गावात त्यांना 'अर्थवाले सर' म्हणत. नाव विद्यार्थ्यांनी पाडलं होतं. काहीही दिसलं की सरांचा एकच प्रश्न असायचा, "याचा अर्थ काय होते?" आणि समोरचा गप्प झाला की स्वतःच सांगायला लागायचे. समोरचा बोलायला लागला तर मात्र ते लहान मुलासारखे तोंड उघडं ठेवून ऐकत. या तोंड उघडं ठेवण्यानंच लोक वितळायचे, असं माझं मत आहे.

त्यांच्या खोलीत कॅलेंडर नव्हतं, आरसा नव्हता. एका अख्ख्या भिंतीवर लग्नपत्रिकांचे कोपरे चिकटवलेले होते. कोणाच्या पत्रिकेवरचा गणपती, कोणाचा कलश, कोणाचं स्वस्तिक, कोणाच्या पत्रिकेवरचा बोधिवृक्ष, कोणाचा चंद्रकोरीसकट तारा. लग्नाचं बोलावणं असो नसो, पत्रिका हाती लागली की सर मांडवात हजर. जेवायचे नाहीत, नवऱ्या मुलाच्या बापाला गाठायचे. "हा कलश छापला तुमी. भरलेला काहून असते? रिकामा काहून नसते?" एका लग्नात, मुलीकडचे लोक पंगतीत वाढायचे सोडून सरांभोवती उभे राहिले, आणि सर त्यांना सांगत होते की हाच भरलेला घडा, त्यातून बाहेर आलेली हीच कमळं, जुन्या स्तूपांच्या खांबांवर कोरलेली आहेत, तुमच्या आमच्या पत्रिकेच्या कितीतरी आधी. "जे घर भरलेलं राहो असं वाटते, त्याच्या दारी भरलेला घडा. मंग थे घर राजाचं असो, भिक्खूचं असो का तुमच्या पोरीचं." मुलीचा बाप रडायला लागला. ढोलवाले थांबले होते. मी आईसोबत त्या लग्नाला गेले होते. आहेर देऊन आम्ही जेवायला बसलो तेव्हा भात गार झाला होता, आणि सगळी पंगत त्यांच्याचबद्दल बोलत होती.

वणीच्या बाजारातून त्यांच्याबरोबर चालणं म्हणजे अर्धा दिवस गमावणं. एकदा मला शाळेसाठी रंग आणायचे होते, त्यांना दोरी हवी होती, बाबा म्हणाले सोबतच जा. पहिल्याच दुकानाशी सर थांबले. दुकानदार जैन होते. गल्ल्यामागच्या भिंतीवर केशरी स्वस्तिक, वर तीन टिंबं, त्यावर चंद्रकोर, कोरीत आणखी एक टिंब. सरांनी दोरी मागितलीच नाही.

"शेठजी, ह्या चार बाह्या कायच्या?"

शेठजींनी वजनकाटा तसाच सोडला. "चार गती, सर. देव, माणूस, पशू-पाखरं अन् नरकातले. जीव यातच फिरून राह्यला."

"अन् वरची तीन?"

"दर्शन, ज्ञान, चारित्र्य. तिन्ही सम्यक पाह्यजेत."

सरांनी माझ्याकडे वळून पाहिलं, जणू हे स्वतःच नुकतंच जन्माला घातलं आहे. "पाहा ताई, सम्यक! आपल्या फाटकावर होतं न थेच. शब्द तोच, घर येगळं." मग शेठजींना म्हणाले, "अन् बुद्धाच्या पावलायवर बी हे कोरलेलं असते, माहीत हाय काय तुमाले? अन् शेजारच्या किराणावाल्याच्या दारावर हळदीनं काढलेलं हाय. चिन्ह भाडेकरू असते, शेठजी. घर बदलते, सामान बदलते, तोंडवळा तोच."

शेठजींनी चहा मागवला. सर बशीत ओतून प्यायले. गिऱ्हाईकं ताटकळली, कोणी कुरकुरलं नाही. आम्ही निघालो तेव्हा दोरी घ्यायची राहिली होती, आणि माझं रंगाचं दुकान बंद झालं होतं.

मी चिडून घरी आले. बाबांनी विचारलं, "काय म्हणत होते सर?" मी सांगितलं. भाडेकरूचं ऐकून बाबांनी मांडीवर थाप मारली. "वा! भाडेकरू! वा!" रंग मिळाले का, हे त्यांनी विचारलं नाही.

संध्याकाळी बाबा गच्चीवर जाऊ लागले. आधी कधीतरी, मग रोज. आई खालून हाक मारायची, "जेवाले या नं, का वरतंच अष्टांग वाढू?" वरून हसण्याचा आवाज यायचा, मग खोकल्याचा. मी खाली वह्या तपासत बसायची. मुलांच्या चित्रांतले डोंगर, त्यांच्यामधला सूर्य, एकसारखी घरं. आणि वर माझे बाबा, ज्यांनी माझं एकही चित्र दोन मिनिटांच्या वर पाहिलं नव्हतं, ते एका परक्या माणसाबरोबर कमळावर तासभर बोलत होते.

मी प्रयत्न केला नाही असं नाही. पुस्तकं मागवली, वाचली. एका दुपारी जेवताना मुद्दाम विषय काढला. म्हटलं, "बाबा, कमळ चिखलात उगवतं, पण पानावर पाणी ठरत नाही. म्हणून ते लक्ष्मीच्या हातात आहे, सरस्वतीच्या आसनाला आहे आणि बुद्धाच्याही आसनाला आहे." बाबांनी घास खाली ठेवला. डोळे चमकले. माझा जीव सुपाएवढा झाला. बाबा म्हणाले, "हो नं. सर बी हेच म्हणत होते काल."

आई तोंडाला पदर लावून हसली. तिला सगळं कळत होतं. पण तीसुद्धा त्यांच्याच बाजूला गेली, आणि तेही माझ्यासमोर. आईच्या हातावर लहानपणी जत्रेत गोंदवून घेतलेलं एक हिरवं तुळशीवृंदावन आहे. त्याची तिला लाज वाटायची. विहारात जाताना ती पदर पुढे ओढून घ्यायची. कोणी म्हणेल, बौद्धाची बाई अन् हातावर तुळस. सरांना एकदा चहा देताना पदर सरकला. सरांनी कप घेतलाच नाही.

"काकू, हे कोठी गोंदलं?"

आईनं हात मागे घेतला. "जुनं हाय जी. लहान होती तवाचं. आता धर्म बदलला, कातडी कशी बदलू?"

"बदलाले कायले पाह्यजे?" सर म्हणाले. "तुमाले दुखलं होतं न गोंदताना?"

"लय दुखलं होतं. रडली होती मी."

"मंग त्याचा पयला अर्थ तोच. तुमी रडले होते. तुळस मंग आली."

आईनं हात पुढे केला आणि त्यांना नीट पाहू दिला. त्यानंतर तिनं पदर ओढणं सोडलं. मी तिची मुलगी, चित्रकलेची पदवी घेतलेली. शाळेच्या व्हरांड्यात मुलांकडून गोंदणाच्या नक्ष्या काढून घेतलेली. आईचा हात मी त्या दिवशी सरांच्या खांद्यावरून पाहिला.

हे सगळं मी गिळत होते. मग विहाराचं काम निघालं, आणि ते गिळणं जमेना.

आमच्या नगरात विहार उभा राहिला होता. स्लॅब पडला, फरशी झाली. आत बसवायची मूर्ती कोणी तरी मोठा माणूस देणार होता. तो देणार, देणार म्हणता म्हणता निवडणूक झाली आणि त्याचा फोन लागेनासा झाला. तेव्हा समितीत ठरलं, की मूर्ती इथेच घडवायची, आणि ती मी घडवायची. समितीचे अध्यक्ष बाबाच होते. म्हणून ते या विषयावर काही बोलले नाहीत, इतरांनीच ठरवलं. पण त्या दिवशी घरी येताना ते माझ्यापुढे न चालता माझ्या बाजूनं चालले. मला तेवढं पुरलं.

आमच्या अंगणात मी सळ्यांचा सांगाडा बांधला, त्यावर कोंबडजाळी, त्यावर सिमेंट. शाळा सुटली की थेट तिथेच. हात फुटले, नखांत सिमेंट बसलं. चेहरा तीनदा काढून टाकला, पुन्हा केला. चौथ्या वेळेला तो थोडा ओठात हसला. आई जवळ येऊन बराच वेळ उभी राहिली आणि म्हणाली, "झाला बाई माणूस." बाबा रोज गच्चीवर जाताना थांबून बघून जात. काही म्हणत नव्हते, पण थांबत.

आणि एका रविवारी सकाळी समितीच्या बैठकीत सर उभे राहिले. ते समितीत नव्हते. पण त्यांना बोलायला परवानगी घ्यावी लागत नसे. त्यांनी सांगितलं, की बुद्ध गेल्यानंतर कित्येक पिढ्या लोकांनी त्याची मूर्ती घडवलीच नाही. झाड कोरलं, आणि झाडाखाली रिकामं आसन. पावलं कोरली, पण पावलांवर माणूस नाही. घोडा कोरला, घोड्यावर छत्री धरलेली, छत्रीखाली कोणी नाही. "जो गेला तो गेला. त्याले पकडून कायले ठेवाचं? आपुन बी आसन रिकामं ठेवू. मांगच्या भिंतीवर ताई झाड काढतील. पावलं काढतील. महाराष्ट्रात असा विहार कोठी नसन."

विहारात शांतता पसरली. मला माहीत असलेली ती शांतता. मुलीच्या बापाला रडवणारी, शेठजींचा काटा थांबवणारी. मी बाबांकडे पाहिलं. त्यांचे डोळे तसेच चमकत होते, कमळाच्या वेळेसारखे. ते म्हणाले, "रिकामं आसन... वा." आणि मग माझ्याकडे न पाहता, "झाड तं तू चांगलंच काढते."

अंगणात माझा बुद्ध ओठात हसत होता, अजून अर्धा कच्चा, आणि इथे त्याला बसायला जागा उरली नव्हती.

मी कधी सभेत बोलत नाही. त्या दिवशी उठले. हात सिमेंटनं फुटलेले, ते मी पदरात लपवले.

"सर, तुमच्या घरी ढाणकीला देव्हारा आहे न?"

"हाय."

"त्यातली कोणती जागा रिकामी आहे?"

सर खाली बसले.

"माझे पणजोबा देवळाच्या बाहेर उभे राहायचे," मी म्हटलं. "आत काय आहे, ते त्यांनी मरेपर्यंत पाहिलं नाही. बाहेरून दार उघडं दिसायचं, आत अंधार. रिकामी जागा आम्हाला कोणी शिकवायला नको. आमच्या लोकांना आत जायचंय आणि समोर चेहरा बघायचाय. डोळे, नाक, ओठ. ज्याच्याकडे बघितलं की तो पण आपल्याकडे बघतो असं वाटेल, असा. रिकामं आसन तुम्हाला परवडतं."

मी खाली बसले. मागच्या बाया हलल्या, कोणी तरी "बरोबर हाय पोरीचं" म्हणालं. मी जिंकले होते, हे मला लगेच कळलं. मी पहिल्यांदा सरांकडे सरळ पाहिलं, त्यांचा चेहरा पडलेला बघायला.

त्यांचं तोंड उघडं होतं. ते ऐकत होते. बोलणं संपलं तरी ऐकतच होते. मग त्यांनी डोक्याचा दुपट्टा काढला, घडी केली, आणि म्हणाले, "ताई बरोबर हायेत. मी चुकलो. ज्यायनं आसन रिकामं ठेवलं, त्यायनं आधी त्याले पाह्यलं होतं, का पाह्यलेल्यायच्या तोंडून ऐकलं होतं. ज्याच्या डोयात चेहरा हाय, त्यालेच थो न कोरनं जमते. आपल्याले तं चेहराच कोणं दाखवला नव्हता. मूर्तीच पाह्यजे. अन् सिमेंट कालवाले मी येतो."

आणि लोकांनी टाळ्या वाजवल्या. त्यांच्यासाठी. माझ्या बोलण्यावर कोणी टाळी वाजवली नव्हती. त्यांच्या हरण्यावर वाजवली. एक म्हातारी उठून त्यांच्या डोक्यावरून हात फिरवून आली. बाबा जागेवरून उठले, त्यांच्या शेजारी जाऊन बसले आणि त्यांच्या गुडघ्यावर हात ठेवला.

घरी येताना बाबा पुढे चालत होते. मधेच थांबून मागे वळले. मला वाटलं, आता माझ्याबद्दल काही बोलतील. ते म्हणाले, "हरावं तं असं, हो न?"

मी "हो" म्हणाले. दुसरं काय म्हणणार होते?

सर खरंच आले सिमेंट कालवायला. धोतरासारखी लुंगी खोचून पाणी आणायचे, वाळू चाळायचे, आणि एका शब्दाचाही सल्ला द्यायचे नाहीत. ते सल्ला देत नाहीत याचाही मला राग यायचा. फक्त मी कान घडवत होते तेव्हा जवळ येऊन उभे राहिले, पाहात राहिले, आणि निघून गेले.

बुद्धपौर्णिमेला मूर्ती बसली. निळ्या-पिवळ्या पताका, भिक्खू आले, वंदना झाली. गर्दी ओसरल्यावर एक मुलगी मूर्तीकडे बोट दाखवून म्हणाली, "एवढे लंबे कान काहून हायेत?" मी जवळच होते. मी कान घडवले होते, सगळ्या मूर्तींचे असतात म्हणून लांब. मी शब्द जुळवेपर्यंत सर मुलीसमोर उकिडवे बसले होते.

"थो राजाचा पोरगा होता न. कानात जड जड सोन्याचे दागिने. त्यायच्या वजनानं कान लांबले. मंग एक दिवस त्यानं दागिने काढून टाकले. आता कान रिकामे हायेत, पन लंबेच हायेत. काय सोडलं, थे कानावरून समजते."

मुलीनं स्वतःचे कान चाचपले. भोवती पुन्हा माणसं जमली. बायका मूर्तीकडे नव्यानं पाहू लागल्या, पुन्हा हात जोडू लागल्या. बाबा सगळ्यांत पुढे. माझ्या हातांवर रंगाचे डाग होते, आणि माझ्या बुद्धाचे कान त्यांचे झाले होते.

सर निवृत्त झाले आणि ढाणकीला गेले. जाताना भिंतीवरचे लग्नपत्रिकांचे कोपरे एकेक करून सोडवले. भिंतीचा रंग त्यांच्यासोबत निघाला. आईनं तुरीची डाळ आणि लोणचं बांधून दिलं. बाबा बसस्टँडपर्यंत गेले. वरच्या खोलीत नंतर बँकेतला एक मुलगा राहायला आला. तो कशाचा अर्थ विचारत नसे. मला वाटलं, आता बाबा मोकळे झाले. म्हणजे, आता ते माझे.

पण फोन होता. संध्याकाळ झाली की बाबांचा फोन वाजायचा, किंवा बाबाच लावायचे. कमी ऐकू येत असल्यामुळे स्पीकर चालू. अख्ख्या घरात सरांचा आवाज. ढाणकीच्या बाजारात बैलाच्या शिंगांना काय रंग लावतात, शेजारच्या तांड्यावरच्या बाईच्या घागऱ्याला आरसे का असतात. बाबा "वा, वा" करत. मी तेवढ्या वेळात भाजी निवडायला मागे जायची. भाजी नसली तरी जायची.

मग बाबांचा खोकला हसण्याशिवायही यायला लागला. छाती खाणीनं खाल्ली होती, ती हळूहळू हिशेब मागत होती. यवतमाळला नेलं, परत आणलं. डॉक्टरांनी ऑक्सिजनचं यंत्र घरी ठेवायला सांगितलं. बाबा पलंगावर, मागे उशा. समोरच्या भिंतीवर मी फार पूर्वी काढलेलं एक चित्र होतं: उभा बुद्ध, उजवा हात वर, तळवा समोर. अभय मुद्रा. ते चित्र तिथे इतकी वर्षं होतं की आम्हाला कोणाला ते दिसतही नव्हतं.

एका संध्याकाळी मी त्यांना पाणी पाजत होते. त्यांनी चित्राकडे हात केला. "हा हात वर काहून हाय?"

मी पेला खाली ठेवला. माझ्याकडे उत्तर तयार होतं, पुस्तकातलं. "अभय, बाबा. भिऊ नको, असं तो सांगतो."

"थे मले माहीत हाय. सरायनं सांगतलं होतं." ते थांबले, दम घेतला. "तू काढला न? तुले काय वाटत होतं काढताना, थे सांग."

मला कोणी हे विचारलं नव्हतं. मी चित्राकडे बघितलं. आणि मला आठवलं.

"तो तुमचा हात आहे, बाबा."

"माहा?"

"मी शाळेत जायची तेव्हा रस्त्यावर कोळशाचे ट्रक असायचे. एकामागं एक. मी घाबरायची. तुम्ही रात्रपाळी करून यायचे, आंघोळ न करताच मला शाळेत सोडायला यायचे. माझा हात डाव्या हातात, आणि उजवा असा वर करून तुम्ही रस्त्यात उतरायचे. तळव्याच्या रेषांत कोळसा असायचा. ट्रक थांबायचे. खरंच थांबायचे. मला वाटायचं, या हाताला बघून सगळं जग थांबतं. हे चित्र काढताना मला हात जमत नव्हता. मग मी तोच काढला. तळव्यावरच्या रेषा बघा न, बुद्धाच्या हातावर चक्र असतं. मी चक्र काढलंच नाही. तुमच्या रेषा काढल्या."

बाबांनी आपला उजवा हात पांघरुणातून बाहेर काढला आणि डोळ्यांसमोर धरला. बराच वेळ पाहात राहिले. एकदा हाताकडे, एकदा भिंतीकडे.

"थे वाकडी रेष बी काढली तू," ते म्हणाले.

"काढली."

"अन् अजून काय काढलं माहं? सांग."

मी सांगायला लागले. कोणत्या चित्रात त्यांचा डबा आहे, कोणत्या झाडाखाली त्यांची बसायची पद्धत आहे. विहारातल्या मूर्तीचे खांदे कोणाचे आहेत. मी इतकं सलग त्यांच्याशी कधी बोलले नव्हते, आणि ते तोंड उघडं ठेवून ऐकत होते.

तेवढ्यात फोन वाजला. संध्याकाळची वेळ. पडद्यावर सरांचं नाव. मी सवयीनं स्पीकर लावून फोन त्यांच्या हातात दिला आणि उठायला लागले. बाबांनी डाव्या हातानं माझं मनगट धरलं.

"हां, ऐका जी," पलीकडून सर म्हणाले, "आज एक गंमत सांगतो तुमाले, आमच्या इथल्या बारवेत एक शिल्प सापडलं..."

"सर," बाबा म्हणाले, "मंग करा. माही पोरगी बोलून राह्यली."

मग सर "हो, हो, बोला, बोला" म्हणाले आणि फोन बंद झाला.

बाबा त्यानंतर फार दिवस राहिले नाहीत. सर आले होते. पुण्यानुमोदनाला मागच्या रांगेत बसले, एक शब्द बोलले नाहीत, आणि लोकांनी त्यांनाच जवळ घेऊन सांत्वन केलं, ते मी पाहिलं. त्याचा मला राग आला, तोही सांगून टाकते. त्यांच्याशी माझं आजही बोलणं होतं, सणावाराला. चांगला माणूस आहे. त्या संध्याकाळच्या फोनबद्दल मी त्यांना कधी विचारलं नाही. ढाणकीच्या अंगणात, हातात बंद फोन घेऊन, बारवेतलं शिल्प तसंच मनात ठेवून ते काय करत बसले असतील, मला माहीत नाही. पण त्यांच्या पोटात तेव्हा काहीतरी बारीकसं टोचलं असावं, अशी माझी अजूनही फार इच्छा आहे.